निकाल राखून ठेवलेली कुस्ती

माझ्या बायकोचे थोरले मामा, म्हणजे माझे मामेसासरे, हे या पृथ्वीच्या पाठीवरचे असे एकमेव गृहस्थ आहेत, की ज्यांनी एकच कुस्ती बत्तीस वर्षं बघितली आणि तरी तिचा निकाल राखून ठेवला. कुस्ती अमेरिकेतली. पैलवान अमेरिकेतले. पंचही तिकडचाच. ती सगळी मंडळी निकाल लावून, आंघोळी करून, जेवूनखाऊन आता म्हातारीही झाली असेल. पण उंब्रजला हायवे सोडून आत वळलं आणि उसाच्या दोन पट्ट्या ओलांडल्या की जे घर लागतं, त्या घराच्या सोप्यात, म्हणजे ओसरीवर, ती कुस्ती परवापरवापर्यंत चालूच होती. सांगलीहून जाऊन ती मी स्वतः निदान चाळीस वेळा पाहिलेली आहे. खोटं वाटत असेल तर माझ्या बायकोला विचारा. ती एकोणचाळीस म्हणेल, पण तो तिचा स्वभाव आहे.

मामा मुळात चौकस. खरं तर चौकस हा शब्द मामांच्या अंगाला होत नाही, बाह्या आखूड पडतात. एकदा कराडला जाताना एसटी पंक्चर झाली. ड्रायव्हर-कंडक्टरनं चाक बदललं, माणसं चढली, गाडी निघून गेली आणि मामा तिथंच रस्त्याकडेला उकिडवे. टायरातून निघालेला खिळा पूर्वेकडं वाकला होता की पश्चिमेकडं, याचा त्यांना अजून उलगडा व्हायचा होता. दाताच्या डॉक्टरकडं गेले तर घरून आरसा घेऊन गेले. दात माझा निघणार आणि मी सोडून सगळे बघणार, हे त्यांना पटेना. शेवटी डॉक्टरनं कंटाळून त्यांच्याच हातात बॅटरी दिली. हायवेचं चौपदरीकरण चाललं होतं तेव्हा मामा रोज भाकरी बांधून कडेला जाऊन बसत. आठवड्याभरात तिथले मजूर त्यांना सलाम करायला लागले आणि पंधराव्या दिवशी मुकादम हळूच येऊन विचारून गेला, "साहेब, खडी ठीक हाय न्हवं?"

यावर मामांनी काय उत्तर दिलं असेल? तेच, जे ते बत्तीस वर्षं प्रत्येक प्रश्नाला देत आले.

"बघावं लागंल."

आमटीत मीठ कमी पडलंय का? बघावं लागंल. हापूस गोड की पायरी? बघावं लागंल. मतदान करून बाहेर आले आणि पुन्हा आत जायला निघाले, कारण बटण दाबलं खरं, पण बरोबर दाबलं का, ते बघावं लागंल. माझ्या लग्नाच्या वेळी तर कहर झाला. मी मुलगी बघायला गेलो होतो. माझं शिक्षण विचारलं नाही, गोत्र विचारलं नाही. मामा उठले, माझ्या पाठीमागं गेले आणि माझे दोन्ही कान सावकाश चाचपून बघितले.

"कान सरळ हायती," ते बैठकीला म्हणाले. "तालमीचं वारं लागलेलं न्हाई ह्या पाव्हण्याला."

तालमीत वर्षानुवर्षं मान घासून पैलवानाचे कान मोडतात, भज्यासारखे गोळा होतात. आमच्या भागात तो पैलवानकीचा दाखला. माझ्याकडं तो नव्हता. माझ्या सासऱ्यांनी विचारलं, "मग द्यायची का पोरगी?" मामा म्हणाले, "बघावं लागंल." बाकीच्यांनी उरकून टाकलं, अक्षता पडल्या, तीस वर्षं संसार झाला, पण मामांच्या बाजूनं माझं लग्न विचाराधीनच राहिलं. शिवाय लग्नात त्यांनी फेटा बांधून घेतला नाही. सगळा मांडव गुलाबी फेट्यांचा आणि ऐन मांडवात मामा बोडके. मला वाटलं, माझा राग आलाय. पुढं कळलं, फेट्याचा राग माझ्याहून जुना होता.

कारण हे असे बघावं-लागंल-मामा पूर्वी नव्हते. पूर्वी मामा पंच होते. सातारा-सांगलीच्या जत्रांत कुस्त्यांचं मैदान भरलं की शिट्टी मामांच्या तोंडात. आणि पंच कसे, तर ज्या गावात पंच म्हणून जायचं त्या गावचं पाणीही प्यायचं नाही. सायकलच्या कॅरिअरला स्वतःची भाकरी आणि हँडलला स्वतःची कळशी. लोक सांगतात, वाटेत विहिरीवर कुणी सहज राम राम घातला तर मामा आधी विचारत, "तुमचा पैलवान हाय का आज?" आणि असेल तर परतीचा राम राम कुस्ती झाल्यावर घालत. निकाल मात्र खणखणीत. शिट्टी गळ्यात किल्लीच्या दोऱ्याला कायम अडकवलेली, त्यामुळं घरातही निकाल लागत. दोन भाकऱ्यांत गोल कुठली, म्हशीनं आधी शिंग मारलं की बैलानं, शेजारणींच्या भांडणात मुद्दा कुणाचा. मामा शिट्टी मारत आणि विषय मिटे. मामी सांगतात की थोरला मुलगा झाला तेव्हा सुईणीनं बाहेर येऊन सांगायच्या आत मामांनी रडण्यावरनं मुलगा म्हणून शिट्टी मारली होती. हे मला जरा जास्त वाटतं, पण मामी शपथेवर सांगतात.

मग एक जत्रा आली. गावाचं नाव मामांनी कधी घेतलं नाही, मीही घेत नाही. शेवटची मोठी जोड लागली होती. एका बाजूला म्हसवडचा एक पोरगेला पैलवान, घरचा फाटका, अंगानं शिडशिडीत, पण सापासारखा निसटणारा. समोर त्याच्या दीडपट देहाचा गडी. आता मातीतल्या कुस्तीचा नियम सोपा आहे. दोन्ही खांदे एका वेळी जमिनीला टेकले, तोंड आभाळाकडं झालं, की चितपट. टेकणं डोळ्याच्या पापणीइतकं असतं, म्हणून पंचानं पापणी लववायची नसते. आणि आमच्या जत्रांची रीत अशी की ऐन कुस्तीत सत्कार चालू असतात. माईकवर नाव पुकारायचं, माणूस उभा राहिला की मागनं दोघांनी यायचं आणि त्याच्या डोक्याला फेटा गुंडाळायला लागायचं. असे शेकडो सत्कार होतात, कुस्ती थांबत नाही. त्या दिवशी माईकवर नाव पुकारलं ते मामांचं. वीस वर्षं पंचगिरी केली म्हणून. मामांनी मान मागं वळवली. एक वेढा, दुसरा वेढा. आणि मैदानातून गर्दीचा जो आवाज उठला, तो ऐकून मामा अर्ध्या फेट्यानिशी वळले. म्हसवडचा खाली होता. उठला तेव्हा त्याची पाठ मातीनं लाल होती. दुसऱ्यानं हात वर केले. मामांनी शिट्टी मारली.

घरी येताना सायकलवर त्यांच्या ध्यानात आलं की पाठीला माती काय, सलामी झाल्यापासूनच होती. पकड बसावी म्हणून पैलवान एकमेकांच्या अंगाला मातीच फासतात. खांदे टेकताना त्यांनी पाहिलेच नव्हते. न बघता निकाल दिला होता. दुसऱ्या दिवशी ते म्हसवडला जायला निघाले आणि अर्ध्या वाटेतून परत आले. तिसऱ्या दिवशीही तसंच. तो पोरगा त्या जत्रेनंतर परत मैदानात उतरला नाही आणि मामांनी परत शिट्टीला ओठ लावला नाही. एवढी एकच गोष्ट त्यांना आयुष्यात बघायची राहिली, आणि तेव्हापासून ते बाकी सगळं दोनदोनदा बघायला लागले.

अशा अवस्थेत, त्याच वर्षीच्या दसऱ्याच्या सुमारास, ती कॅसेट आली.

मामांचा पुतण्या अमेरिकेत नोकरीला. काकांना कुस्तीचं वेड म्हणून त्यानं तिथली सर्वांत मोठी कुस्ती टीव्हीवरून टेप करून कुणाबरोबर तरी पाठवली. सोबत पत्र होतं की ही कुस्ती इथं टीव्हीवर फुकट दिसत नाही; घरात बसून बघायची तरी या एका कार्यक्रमाचं वेगळं तिकीट भरावं लागतं. मामा या वाक्यापाशी दोन दिवस अडले. "घर आपलं, टीव्ही आपला," ते ज्याला त्याला विचारत, "मग तिकीट फाडणारा हुबा कुठं ऱ्हातो?" अखेर कराडहून व्हिडिओ आणला, सोप्यात टीव्ही मांडला आणि तिकडच्या नियमाचा मान राखायचा म्हणून मामा स्वतः उंबऱ्यात उभे राहिले. तिकीट म्हणून प्रत्येकानं ओंजळभर भुईमुगाच्या शेंगा आणायच्या. सगळं गाव लोटलं. मामींनी त्या साली शेंगतेल विकत आणलं नाही.

तिकडची कॅसेट इकडच्या यंत्रावर लावली की रंग जात. चित्र काळं-पांढरं आणि खालच्या बाजूला सतत बर्फ पडल्यासारख्या मुंग्या. त्यामुळं पहिला वाद मातीवर झाला. आखाडा दिसतो करडा, तर माती कसली? कुणी म्हणालं नदीचा पोयटा, कुणी म्हणालं चुनखडी. मामा एकटे बारीक डोळ्यांनी बघत होते. "माती उडंना," ते म्हणाले, "ती गोधडी हाय. तिकडं लय थंडी." चारी बाजूंनी दोर का बांधलेत, याचं उत्तर मागच्या रांगेतून आलं, "जनावर आत येऊ नये म्हणून." पैलवान दोघे. एकाचे केस कंबरेपर्यंत, त्याला गावानं लांब केसाचा म्हटलं. दुसरा एवढा अगडबंब की पडद्यात मावेना, त्याचं नाव डोंगर. डोंगराबरोबर टोपी घातलेला एक काठीवाला, तो त्याचा वस्ताद. आणि मधे पंच. पट्ट्यापट्ट्यांचा सदरा, कृश, टक्कल पडत आलेला, सारखा धावणारा.

वीस मिनिटांची ती झुंज. लांब केसाच्यानं डोंगराला घुमवला, आपटला, दोरावरून उडी मारली. जिंकल्यातच जमा. तेवढ्यात काठीवाला दोरावर चढून ओरडायला लागला. पंच त्याला खाली उतरवायला गेला, मैदानाकडं पाठ केली, आणि डोंगरानं बाहेरून एक घडीची लोखंडी खुर्ची उचलून लांब केसाच्याच्या पाठीत घातली. पंच वळला. लांब केसाचा आडवा. पंचानं गोधडीवर तीनदा हात आपटला. डोंगर विजयी.

सोप्यात दंगा उसळला. एका म्हाताऱ्यानं टीव्हीलाच शिव्या घातल्या. पुढच्या जत्रेपासून आमच्या मामांच्या गावी मैदानातल्या पाहुण्यांच्या खुर्च्या सुतळीनं एकमेकींना बांधून ठेवतात, ही प्रथा तिथून पडली. पण मामा हललेही नव्हते. दंगा ओसरल्यावर त्यांनी कॅसेट मागं घेतली. तो पंच पुन्हा वळला, पुन्हा पाठ केली. मामांनी परत मागं घेतली.

"पंच बघतुया कुठं?" ते हळूच म्हणाले.

तिथून मामांचं जे काही सुरू झालं ते सुरू झालं. पुतण्यानं फोनवर जीव तोडून सांगितलं, "काका, हे सगळं ठरलेलं असतं. कोण पडणार, कधी पडणार, सगळं." मामा दुखावले नाहीत, उलट समजुतीनं म्हणाले, "बाळा, ठरवलेल्या कुस्तीला आमी नूरा कुस्ती म्हणतो. मला नूरा शिकवू नगंस. पैलवान मिळालं असतील. वस्तादबी मिळाला असंल. पर पंच कसा मिळंल?" आणि हा मुद्दा त्यांच्या दृष्टीनं संपला. पैलवान लबाड असू शकतो, जत्रा कमिटी तर असतेच. पण पंच चुकतो. चुकणं निराळं. त्या पट्ट्यांच्या सदऱ्यात मामांना सातासमुद्रापलीकडं आपल्यासारखाच एक माणूस सापडला होता, ज्यानं ऐन वेळी पाठ केली आणि न बघता निकाल दिला.

त्याचं पुढं काय झालं, हे मामांना जाणून घ्यायचं होतं. तेवढंच. अमेरिकेहून कुणीही आलं, मग तो डॉक्टर असो की देवदर्शनाला आलेलं जोडपं, मामा त्याला गाठत. "त्यो पंच गाठ पडला का कुठं? पट्ट्याचा सदरा घालतुया." त्यांनी पत्रही लिहिलं, मराठीत, चार पानी. वर पत्ता, "मुख्य पंच साहेब, अमेरिका." मजकूर मला तोंडपाठ आहे, कारण कच्चा खर्डा माझ्याकडूनच तपासून घेतला होता. शेवटी होतं, "आपण त्या लांब केसाच्या पैलवानाच्या घरी गेला होता काय? गेला असल्यास तो काय म्हणाला, हे उलट टपाली कळवावे." उलट टपाल आलं नाही. मामा म्हणत, "गेला नसंल अजून. धीर हुईत नसतो एकदम."

पहिल्या दिवाळसणाला मी गेलो तर अभ्यंगस्नानानंतर फराळाच्या आधी कॅसेट लागली. मामी चकल्या तळता तळता आतून म्हणाल्या, "आलं का भावजी?" मी दाराकडं बघितलं. कुणी नव्हतं. मग कळलं, भावजी म्हणजे तो पंच. इतक्या वेळा घरी येतो म्हटल्यावर नातं लावायला नको? मामी त्यालाही बोलून घेत. "आज तरी मागं वळून बघा की वो भावजी," असं म्हणून त्या चकली उलटत. भावजींनी कधी बघितलं नाही.

आता एक गोष्ट मला पुष्कळ वर्षं समजली नव्हती. जगातला खिळान् खिळा बघणारा हा माणूस अडीच तासांवरच्या महाबळेश्वरला कधीच गेला नव्हता. आम्ही गाडी काढायचो, मामी लुगडं नेसून तयार असायच्या आणि मामांचं ठरलेलं असे, "तिथं काय हाय? धुकं. धुक्यात काय दिसत न्हाई." एकदा मामींनीच मला कानात सांगितलं की म्हसवडचा तो पैलवान महाबळेश्वरच्या स्टँडवर टॅक्सी चालवतो. मामांना ते पहिल्यापासून ठाऊक होतं. त्याचं लग्न कधी झालं, मुलगी कुठं दिली, गाडी कुठल्या रंगाची, सगळं. धुकं महाबळेश्वरला नव्हतंच.

व्हिडिओ दोनदा बदलला, कॅसेट कराडच्या एका दुकानदारानं तीनदा सांधली. यंदाच्या ज्येष्ठात ती कायमची गुंडाळली गेली. मी गेलो तेव्हा मामा तिची तपकिरी पट्टी मांडीवर घेऊन बसले होते, शेतात अजगर सापडल्यासारखी. मला वाईट वाटलं. मी मोबाइल काढला आणि दहा मिनिटं शोधली तर तीच कुस्ती सापडली. रंगीत. मुंग्या नाहीत. मामांनी चष्मा पुसला, मामी पाठीमागं येऊन उभ्या राहिल्या. डोंगराची चड्डी गुलाबी निघाली. बत्तीस वर्षं आम्ही ती काळी समजून त्याला वचकून होतो. गोधडी निळी निघाली.

मग ती वेळ आली. लांब केसाचा जरा गुडघ्यावर टेकलेला, पंच त्याच्याकडं वाकून हात बघतोय. कॅसेटवर इथं सगळ्या मुंग्या असायच्या. मोबाइलवर स्वच्छ दिसलं.

"थांबवा," मामा म्हणाले. "मागं घ्या."

मी घेतलं.

"पाव्हणं, ओठ हालत्यात का पंचाचं?"

मी म्हणालो, "हलतायत, मामा."

"आन लांब केसाचा मान हालवतोय."

"हो."

"आन मग ह्यो पाठ करतोय."

काठीवाला अजून दोराला शिवलाही नव्हता, तोवर पंच त्या बाजूला वळायला लागला होता. मामांनी स्वतः बोटानं चित्र मागं नेलं, हे त्यांना कधी शिकवलं नव्हतं. तीन वेळा बघितलं. मग मोबाइल माझ्या हातात परत दिला.

"म्हंजे त्याला ठावं हुतं."

"हो."

"त्यो चुकलाच न्हाई."

मामी म्हणाल्या, "भावजी तसलं वाटलं न्हवतं बाई," आणि आत गेल्या. मामा अंगणातल्या कोंबड्या बघायला लागले. मग माझ्याकडं न बघता म्हणाले, "मग चुकल्याला मी एकलाच."

दुसऱ्या दिवशी सकाळी बघतो तर मामा धुवट धोतर नेसून माझ्या गाडीपाशी उभे. गळ्यात किल्लीचा दोरा, त्याला शिट्टी. मी विचारलं नाही कुठं. केळघरचा घाट चढेपर्यंत मामांनी एकही गोष्ट निरखली नाही, यावरून काय ते समजा. वर पाऊस असा की वायपर फिरतायत म्हणून काच आहे एवढं कळत होतं. स्टँडवर टॅक्स्यांची रांग. मामा गाडी थांबायच्या आत उतरले आणि छत्री न उघडता एकेका ड्रायव्हरचे कान बघत निघाले. सातवा कान मोडलेला होता.

"कुठं जायाचं, बाबा?" तो माणूस वर न बघता म्हणाला. पन्नाशी उलटलेला, अंगानं सुटलेला, पण मान अजून खांद्यात रुतलेली. मग त्यानं वर बघितलं.

"पंच," तो म्हणाला. "लय उशीर केला."

आम्ही तिघंही त्याच्या गाडीत बसलो. मामांच्या डोक्यातून पाणी निथळत होतं. त्यानं मागचा टॉवेल ओढला आणि मामांच्या डोक्याला गुंडाळायला लागला. एक वेढा, दुसरा वेढा. सबंध टॉवेल गुंडाळून होईस्तोवर मामांनी त्याच्या तोंडावरची नजर काढली नाही.

"त्या दिवशी माझी नजर तुझ्यावर न्हवती," मामा म्हणाले.

"ठावं हाय की. खालनं तुमची पाठच दिसत हुती मला. आन फेट्याचा शेमला."

"मग बोलला का न्हाईस?"

"पंचानं शिट्टी मारल्यावर पैलवान बोलतो व्हय? आमच्या वस्तादानं तसं शिकवलं न्हवतं."

"आता बोल. टेकलं हुतं का दोन्ही खांदं?"

तो काचेवरचा पाऊस बघत राहिला. "आन न्हवतं टेकलं म्हणलं तर?"

"तर हितंच, ह्या समद्या टॅक्सीवाल्यांच्या म्होरं निकाल फिरवतो." मामांनी शिट्टी दाखवली. तिला बत्तीस वर्षांचा गंज होता, वाजली असती की नाही देव जाणे.

"आन टेकलं हुतं म्हणलं तर?"

मामांना हे सुचलंच नव्हतं बहुतेक. मग म्हणाले, "तरीबी नजर न्हवती ती न्हवतीच. ते तसंच ऱ्हाणार."

म्हसवडचा हसला. पोट हलेपर्यंत हसला. "पंच, बत्तीस वर्सं वाट बघितली मी तुमची. पयल्या साली तर शिव्या पाठ करून ठेवल्या हुत्या, आता त्याबी आठवंनात. आज सांगून मोकळा झालो तर परत कशाला याल तुमी? म्हैन्याला एक खेप करा. च्या पिऊ. येक दिवस सांगीन."

"हे नियमात बसत न्हाई."

"माझ्या गाडीत माझा नियम."

निघताना त्यानं मामांच्या हातात स्ट्रॉबेरीच्या जामची बाटली ठेवली. मामांनी ती घेतली. कुणाच्या गावचं पाणी न पिणारे मामा घाट उतरता उतरता बोट घालून जाम चाटायला लागले.

मी सवयीनं विचारलं, "गोड आहे का, मामा?"

"साखर जास्त झालीया."

मी ब्रेक दाबला. मागच्या गाडीवाल्यानं हॉर्न मारला. मामा म्हणाले, "चूक तुमची हाय, त्याची न्हाई." मेढ्यापर्यंत त्यांनी चार निकाल दिले, साताऱ्यापर्यंत अकरा. चहा पाणचट, पूल चांगला, त्या बाईचं लेकरू तिच्यावर गेलेलं नाही. बत्तीस वर्षांचं तुंबलेलं पाणी, फुटल्यावर काय! उंब्रजला वळलो तेव्हा माझ्या सरळ कानांकडं बघून म्हणाले, "आन पाव्हणं, ते पोरीचं."

"कुठल्या पोरीचं?"

"आमच्या भाचीचं. द्यायला हरकत न्हाई तुमाला."

मी ही बातमी सांगलीला फोन करून कळवली. बायको म्हणाली, "मला बघावं लागेल."

त्याला आता चार महिने झाले. दर महिन्याला मी त्यांना वर घेऊन जातो. ते दोघं गाडीत बसून कोण पैलवान कुठं असतो, कुणाचा गुडघा गेला, असलं काहीबाही बोलतात. पहिल्या दोन खेपांना मामांनी उतरल्या उतरल्या प्रश्न विचारला. तिसऱ्या खेपेला निघताना विचारला. गेल्या खेपेला घाटात अर्ध्यावर आल्यावर मलाच आठवलं. मी म्हणालो, "मामा, विचारायचं राहिलं की. वळवू का गाडी?"

"ऱ्हाऊ दे," मामा म्हणाले. "जातोय कुठं त्यो."

घरी आलो. मामी टीव्हीवरचं विणलेलं कापड झटकत होत्या. त्यावर ती कॅसेट अजून असते, पट्टी आत कोंबलेली, रबर लावलेलं. "भावजींचं काय करायचं?" त्यांनी विचारलं. "टाकून देऊ?"

मामांनी कॅसेट हातात घेतली. पाठीवरची धूळ धोतराच्या सोग्यानं पुसली आणि होती तिथं परत ठेवली.

"असू दे," ते म्हणाले. "बिचारा. त्याला कवा चुकताच आलं न्हाई."